चिलखती डिव्हिजन मोडून कायमच्या मिश्र ब्रिगेड कराव्यात का?

तिरपी_रेघ (धागाकर्ता):
२६ जुलै २०२५ ला द्रासमध्ये लष्करप्रमुख जनरल उपेंद्र द्विवेदींनी ‘रुद्र’ ब्रिगेडची घोषणा केली. पायदळ, यांत्रिक पायदळ (चिलखती गाड्यांतून लढायला जाणारं), रणगाडे, तोफखाना, स्पेशल फोर्सेस, ड्रोन, सगळं एकाच ब्रिगेडच्या छताखाली. तेव्हापासून एक भुंगा डोक्यात आहे. हे जर बरोबर असेल तर चिलखती डिव्हिजन वेगळ्या ठेवायच्या कशासाठी?

ज्यांना रचना माहीत नाही त्यांच्यासाठी: आपल्याकडे तीन रणगाड्यांचा एक ट्रूप. चार ट्रूप आणि स्क्वॉड्रन मुख्यालयाचे दोन, म्हणजे १४ चा स्क्वॉड्रन. असे तीन स्क्वॉड्रन अधिक रेजिमेंट मुख्यालयाचे तीन, एकूण ४५. रेजिमेंट मिळून ब्रिगेड, ब्रिगेड मिळून डिव्हिजन, आणि डिव्हिजन जाऊन बसते स्ट्राइक कोअरच्या, म्हणजे चढाईसाठी राखलेल्या मोठ्या दलाच्या पोटात. मथुरा, अंबाला, भोपाळ ही त्यांची मुख्यालयं. सीमेपासून किती लांब आहेत ते नकाशा उघडून बघा. डिसेंबर २००१ मध्ये संसदेवर हल्ला झाला, ऑपरेशन पराक्रम सुरू झालं आणि हा सगळा बारदाना सीमेवर पोचायला सुमारे तीन आठवडे गेले. तोवर जगभरातून फोन येऊन गेले होते.

दुसरी गोष्ट वेगाहून महत्त्वाची. नुसते रणगाडे पुढे गेले की मरतात. ८ ऑक्टोबर १९७३ ला सिनाईत इस्रायलच्या अदान यांच्या डिव्हिजनने प्रतिहल्ला केला. १९६७ च्या विजयाने त्यांना वाटू लागलं होतं की रणगाडा एकटाच पुरे, म्हणून पायदळ आणि तोफखाना मागे पडला होता. समोर रणगाडाविरोधी सॅगर क्षेपणास्त्रं आणि खांद्यावरचे आरपीजी घेऊन इजिप्तचं पायदळ वाळूत दबून बसलेलं. एका दिवसात व्हायचं ते झालं.

माझं म्हणणं: डिव्हिजन मोडा. रणगाडे, यांत्रिक पायदळ, तोफा, सॅपर (लष्करी इंजिनियर) एकाच ब्रिगेडमध्ये कायमचे ठेवा. एकाच गावात राहूदेत, एकत्र सराव करूदेत.

खारेकर्जुने:
मी चिलखती दलात २६ वर्षं काढली, रिसालदार म्हणून उतरलो. रेजिमेंटचं नाव सांगत नाही.

तुम्ही जे ‘करा’ म्हणता ते आम्ही करतच होतो. लढाईला निघताना स्क्वॉड्रनमधून ट्रूप काढून यांत्रिक पायदळाच्या कंपनीला द्यायचा, त्यांची प्लाटून आपल्याकडे घ्यायची. त्याला कॉम्बॅट टीम म्हणतात, वरच्या पातळीला कॉम्बॅट ग्रुप. काम संपलं की ज्याचा माल त्याच्याकडे. हे कायमचं केलं तर काय होईल ते सांगतो. रणगाडा म्हणजे ४१ ते ४६ टनांचं लोखंड. त्याला रोज बघावं लागतं. ट्रॅकची पिन, एअर फिल्टर, गनची झिरोइंग (नेम जुळवणं), रेडिओ. एका जागी ४५ असले की त्यांच्यामागे एलएडी (रेजिमेंटची दुरुस्ती तुकडी) असते, ईएमईची (लष्कराच्या दुरुस्ती दलाची) पोरं असतात, सुटे भाग असतात, रिकव्हरी गाडी असते. हेच रणगाडे चौदा-चौदा करून तीन गावांत वाटलेत तर तीन वर्कशॉप लागतील. मिळेल एकच, तेही अर्धं.

पायदळाच्या कमांडरच्या हाताखाली गेलेला स्क्वॉड्रन मी पाहिलाय. साहेब चांगले होते, पण त्यांच्या मते रणगाडा म्हणजे चालता बंकर. दिवसभर खड्ड्यात उभा केला.

बुद्धिबळ_बंद:
काकांना +१. वाटून टाकलेल्या रणगाड्यांचं काय होतं ते मे १९४० मध्ये फ्रान्सने दाखवलंय. फ्रेंचांकडे जर्मनांपेक्षा रणगाडे जास्त, त्यांचे काही चिलखतातही भारी. पण निम्म्याच्या आसपास पायदळाच्या दिमतीला पेरलेले. जर्मनांनी आपले सगळे दहा पॅन्झर डिव्हिजनमध्ये ठेवले, त्यातले सात आर्देनच्या जंगलातून काढले. पुढे काय झालं ते शाळेतल्या पोरालाही ठाऊक आहे.

लोअरसॅक्सनीची_सून:
हे उदाहरण सगळे अर्धंच देतात. मी मुन्स्टरजवळ राहते, इथलं रणगाडा संग्रहालय तीनदा पाहून झालंय (नवऱ्याची हौस, माझे पाय). पॅन्झर डिव्हिजन म्हणजे नुसत्या रणगाड्यांचा ढीग नव्हता. तिच्यात मोटारीतलं पायदळ, तोफखाना, पूल बांधणारे, रणगाडाविरोधी तोफा, सिग्नलवाले, सगळे एका कमांडरखाली होते. सेदानला म्यूज नदी आधी ओलांडली ती रबरी होड्यांतून पायदळाने आणि इंजिनियरांनी. रणगाडे नंतर, पूल झाल्यावर.

म्हणजे १९४० चा धडा ‘एकत्र ठेवा’ असा जेवढा आहे तेवढाच ‘मिसळून ठेवा’ असाही आहे. धागाकर्त्याचा आणि काकांचा, दोघांचाही साक्षीदार एकच.

आणि पुढचं. १९४१ मध्ये रशियात शिरण्याआधी जर्मनांनी पॅन्झर डिव्हिजनची संख्या दुपटीच्या जवळ नेली, पण रणगाडे तेवढे नव्हतेच. मग काय, प्रत्येक डिव्हिजनमधली एक रणगाडा रेजिमेंट काढून नव्या डिव्हिजनला दिली. कागदावर संख्या वाढली, प्रत्येकीची ताकद घटली. काही अभ्यासक म्हणतात की उलट प्रमाण सुधारलं, आधी रणगाडे जास्त आणि पायदळ कमी होतं. यावर इथे अजून भांडतात.

तिरपी_रेघ:
सूनबाई, म्हणजे तुम्ही माझ्या बाजूने की विरुद्ध?

लोअरसॅक्सनीची_सून:
बाजू घ्यायला मी काय वऱ्हाडात आलेय?

ऊसतोड:
आपल्या घरचं उदाहरण सोडून जर्मनी कशाला? १९६५ चं युद्ध, पंजाबातलं असल उत्तर. पाकिस्तानची १ आर्मर्ड डिव्हिजन, बहुतेक पॅटन रणगाडे, खेमकरणवरून आत घुसली. समोर आपली ४ माउंटन डिव्हिजन आणि २ स्वतंत्र चिलखती ब्रिगेड, रणगाड्यांत सेंच्युरियन, जुने शेरमन आणि हलके एएमएक्स-१३. आपण माघार घेऊन घोड्याच्या नालेसारखी मांडणी केली, शेतांत पाणी सोडलं, उसात रणगाडे लपवले. हवालदार अब्दुल हमीद जीपवरच्या रिकॉइललेस तोफेने लढला. डिव्हिजन एकत्र होती, ताकद होती, आणि चिखलात रुतली. त्यांचं पायदळ रणगाड्यांसोबत राहिलं असतं तर ऊस आधी झाडून घेतला असता.

मोठी मूठ असून उपयोग काय, हात कोपरातून वाकत नसेल तर.

खारेकर्जुने:
ऊसतोड, बरोबर. पण तेच १९६५, सियालकोटकडे चला. ८ सप्टेंबरला आपली १ आर्मर्ड डिव्हिजन आत गेली. पुढे कोण? एका बाजूने १६ कॅव्हलरी, दुसऱ्या बाजूने पूना हॉर्स, दोन्ही रणगाडा रेजिमेंट. म्हणजे डिव्हिजन नावाला, ठोसा दोन बोटांचा. समोर पाकिस्तानची एकच रेजिमेंट, २५ कॅव्हलरी, लांबलचक ओळीत पसरलेली. तिने आपल्याला थोपवलं, कारण आपल्याला वाटलं समोर बरंच काही आहे. ११ तारखेला फिलोरा घेतलं तेव्हा डिव्हिजन नीट एकत्र लढली. मग पुन्हा थांबलो, आणि चविंडा हातातून गेलं ते गेलंच. १६ तारखेला बुतूर-डोग्रांडीला पूना हॉर्सचे कमांडर लेफ्टनंट कर्नल तारापोर पडले. जखमी असून मागे जायला नकार दिलेला माणूस. मुंबईत जन्म, पुण्यात शाळा. आपल्याकडे त्यांचं नाव किती पोरांना माहीत आहे?

मला त्यातून हे दिसतं की चूक रणगाडे एकत्र असण्याची नव्हती. एकत्र असून वापरले वाटून.

ऊसतोड:
बुतूर-डोग्रांडीला पूना हॉर्ससोबत ८ गढवाल ही पायदळाची बटालियन होती. तिची अवस्था काय झाली तेही लिहा. रणगाडे आणि पायदळ एकत्र राहिलेले, एकमेकांना ओळखणारे असते तर?

खारेकर्जुने:
लिहिलं असतं. हात जड होतो.

शून्य_पॉइंट_सात:
सगळेच जुन्या लढायांत रमलाय. २०२२ चं बोला. रशियाने तेच केलं होतं जे धागाकर्ता मागतोय. बटालियन टॅक्टिकल ग्रुप: दहा रणगाडे, चाळीसेक चिलखती गाड्या, तोफा, रॉकेट, हवाई संरक्षण, सहाशे ते आठशे माणसं. कागदावर सुंदर. कीव्हकडे गेले आणि फसले. कारण एक: सक्तीची भरती झालेली पोरं पाठवायची नव्हती, त्यामुळे गाड्या आल्या पण त्यातून उतरणारं पायदळ नव्हतं. कारण दोन: एका लेफ्टनंट कर्नलच्या छोट्याशा स्टाफवर रणगाडे, तोफखाना, ड्रोन, इंधन, सगळं टाकलं. माणूस किती गोष्टी एका रेडिओवर ऐकेल?

मिश्रण खाली नेलं की डोकं खाली न्यावं लागतं. ते स्वस्त नसतं. अमेरिकेने वीसेक वर्षं ब्रिगेडला मुख्य एकक मानलं, आणि आता तेसुद्धा डिव्हिजनकडे परत वळताहेत.

तिरपी_रेघ:
हा मुद्दा लागला. पण बटालियन आणि ब्रिगेड यांत फरक आहे. मी ब्रिगेड म्हणतोय: ब्रिगेडियर, पूर्ण स्टाफ, स्वतःचा तोफखाना. रशियाचं अपयश मिश्रणाचं नाही, अर्धवट भरलेल्या मिश्रणाचं आहे.

शून्य_पॉइंट_सात:
आणि आपण आपल्या ब्रिगेड पूर्ण भरून ठेवू, असा विश्वास कुठून आला?

चष्मा_पुसतो:
थोडं विषयांतर, पण मला हे कायम गमतीशीर वाटतं. अमेरिकन रणगाडा कंपनीतही १४ आणि आपल्या स्क्वॉड्रनमध्येही १४. त्यांचे चारचे तीन प्लाटून अधिक दोन, आपले तीनचे चार ट्रूप अधिक दोन. सोव्हिएत पद्धतीत तीनचे तीन अधिक एक, दहा. चारचा फायदा असा की दोन-दोनच्या जोड्या पडतात, एक जोडी थांबून झाकते, दुसरी पळते. तीनमध्ये एक बंद पडला की उरलेले दोन, त्यातला एक त्याला ओढतोय.

खारेकर्जुने:
विषयांतर नाही, हाच विषय आहे. बाहेरच्यांना रणगाडे मोजता येतात, माणसं मोजता येत नाहीत.

टी-७२ मध्ये गोळा यंत्र भरतं, लोडर नाही. क्रू तीन. ट्रूपमध्ये तीन गाड्या, म्हणजे नऊ जण. अमेरिकन प्लाटूनमध्ये चार गाड्या, प्रत्येकी चार, सोळा. आता रात्री दोन वाजता नगरजवळच्या खारे-कर्जुनेच्या सरावाच्या माळावर ट्रॅक उतरला समजा. चिखल गुडघ्यापर्यंत. ट्रॅक चढवायला चार हात कमी पडतात, आठ लागतात. त्याच वेळी पहारा द्यायचाय, डिझेल भरायचंय (एका गाडीत हजार लिटरच्या वर जातं), गोळे चढवायचेत, रेडिओ ऐकायचाय, आणि जमलं तर झोपायचंय. नऊ जण. सहा महिने उन्हाळी सराव करा, मग सांगा लोडर नको. अर्जुनवर चार जण आहेत ते वजनासकट मला म्हणून आवडतात, बाकी कुणी काही म्हणो.

हे नऊ जण मिश्र ब्रिगेडमध्ये एकटे पडले तर मदतीला दुसरा ट्रूप नसतो. यांत्रिक पायदळाचा जवान ट्रॅक चढवायला येईल? येईल, भला माणूस असतो. पण त्याची स्वतःची बीएमपी (चिलखती गाडी) बघायला कोण आहे?

तिरपी_रेघ:
काका, याच्यावर माझ्याकडे आत्ता उत्तर नाही.

बुद्धिबळ_बंद:
पण ड्रोनच्या जमान्यात एका जागी ४५ गाड्या उभ्या करणार? युक्रेनमध्ये आता एकेक-दोनदोनच निघतात, बऱ्याचदा लांबून तोफेसारखे गोळे टाकतात. माझाच मुद्दा मीच खोडतोय बहुतेक. 🙂

शून्य_पॉइंट_सात:
एकत्र ‘असणं’ आणि एकत्र ‘उभं राहणं’ वेगळं. पसरून राहा, गरजेला जमा. पण त्यासाठी सराव लागतो, आणि तो डिव्हिजनच्या पातळीवर झालेला असावा लागतो.

दरीखोरी:
सगळे पंजाब-राजस्थान धरून बसलेत. डोंगरात काय? १ नोव्हेंबर १९४८ ला काश्मीरमधली जोजी ला खिंड. ७ कॅव्हलरीचे स्टुअर्ट रणगाडे, टरेट (वरचा फिरता बुरूज) काढून, झाकून वर नेले आणि जनरल थिमय्यांनी खिंडीत उतरवले. डिव्हिजन नाही, मूठभर गाड्या. शत्रूला स्वप्नातही नव्हतं. ऑगस्ट २०२० मध्ये कैलास रांगेवर टी-७२ आणि टी-९० चढवले तेव्हाही डिव्हिजन म्हणून नाही. आता २५ टनी जोरावर हा हलका रणगाडा येतोय. तो जिथे लढेल तिथे ४५ गाड्या उभ्या करायला सपाट जागाच नाही. तिथे मिश्र छोटी तुकडीच हवी. मैदानासाठी डिव्हिजन, डोंगरासाठी मिश्र. एकच साचा दोन्हीकडे का लावता?

खारेकर्जुने:
दरीखोरी, डोंगराबाबत मान्य.

तिरपी_रेघ:
मैदानाबाबत मात्र मी हटत नाही, थोडा सरकतो. जनरल सुंदरजींनी मेकॅनाइज्ड इन्फंट्री (यांत्रिक पायदळ) रेजिमेंट १९७९ मध्ये उभी केली, तिचं केंद्र नगरलाच. चिलखती दलाचं केंद्र आणि शाळाही नगरलाच. दोघांची पोरं एकाच शहरात शिकतात आणि नंतर वर्षानुवर्षं वेगवेगळ्या छावण्यांत राहतात. लढाईच्या आदल्या रात्री ‘हा ट्रूप तुझा, ही प्लाटून माझी’ म्हणून मिसळायचं. मी हेच बदला म्हणतोय. डिव्हिजनचं मुख्यालय राहूदे, वर्कशॉप आणि सुटे भाग डिव्हिजनकडेच राहूदेत. खालच्या ब्रिगेड मात्र कायमच्या मिश्र. रेजिमेंट तुटत नाही, तिचं नाव, तिचा झेंडा तसाच. फक्त शेजारी बदलत नाही.

ऊसतोड:
हे पहिल्या पोस्टपेक्षा बरंच वेगळं आहे बरं का. ‘डिव्हिजन मोडा’ असं शीर्षकात आहे.

तिरपी_रेघ:
शीर्षक बदलता येत नाही.

खारेकर्जुने:
हे आता भांडण्यासारखं झालं. पण वर्कशॉप डिव्हिजनकडे ठेवलंस म्हणजे ते मागे राहणार, आणि ट्रॅक पुढे तुटणार. रिकव्हरी गाडी ब्रिगेडला देणार की रेजिमेंटला, ते लिही. आणि रात्री तिला कोण बोलावणार, कोणत्या रेडिओ-नेटवर, तेही.