मदत हवी आहे: ॲनोरेक्सिया नर्व्होसा, मुलगी १६ वर्षांची, औषध कोणतं?

सिडकोकर: मावसबहिणीची मुलगी अकरावीत आहे. डॉक्टरांनी ॲनोरेक्सिया नर्व्होसा सांगितलाय, म्हणजे वजन वाढायच्या भीतीने खाणं तोडायचा मानसिक आजार. पाळी बंद आहे, उभी राहिली की चक्कर येते. केमिस्टने भुकेसाठी सिप्रोहेप्टाडिनचं सिरप दिलंय. त्याने भागेल का? नाशिकमध्ये उपचार होतील की मुंबईलाच न्यावं?

गोदाकाठ: सिरप राहू द्या. यात भूक मेलेली नसते, भुकेपेक्षा वजनाची भीती मोठी असते. आधी चक्करेचं बघा. नाडी व बीपी आडवं झोपून आणि उभं राहून, दोन्ही वेळा मोजायला सांगा. सोबत ईसीजी, शुगर, सीबीसी, किडनी, लिव्हर, थायरॉईड. लॅबमध्ये ‘इलेक्ट्रोलाइट्स’ म्हटलं की सहसा सोडियम, पोटॅशियम, क्लोराइड एवढंच करतात. फॉस्फरस आणि मॅग्नेशियम वेगळं लिहून घ्या. रिपोर्ट नॉर्मल आले म्हणून निर्धास्त होऊ नका, उपाशी शरीर रक्तातली पातळी बराच काळ धरून ठेवतं.

दिवसा जागेपणी नाडी ५० च्या खाली, बेशुद्ध पडणं, पाणीही नाकारणं, जीव द्यायची भाषा: यातलं एक जरी असलं तरी त्याच दिवशी ॲडमिट.

सिडकोकर: मग आजपासून भरपूर खायला घालायला सुरुवात करू का?

गोदाकाठ: बरेच दिवस जवळजवळ काहीच खाल्लं नसेल तर डॉक्टरांना विचारल्याशिवाय नको. अचानक पिष्टमय अन्न गेलं की इन्सुलिन वाढतं आणि फॉस्फेट, पोटॅशियम पेशींत ओढलं जातं. रक्तात ते घसरलं की हृदयाची लय बिघडते. याला रिफीडिंग सिंड्रोम म्हणतात आणि पहिला आठवडा त्यात सगळ्यात नाजूक. म्हणून खाणं वाढवायच्या आधीच थायमिन (व्हिटॅमिन बी१) देतात आणि रक्त पुन्हा पुन्हा तपासतात. पण त्या भीतीने आठवडेच्या आठवडे पेजेवर ठेवणं हीसुद्धा चूकच, वजन आणखी उतरतं.

औषधवाला: गोळ्यांचं बोलतो. या आजारासाठी अमेरिकेच्या एफडीएने मंजूर केलेलं एकही औषध नाही. त्यातल्या त्यात ओलान्झापिन हे अँटिसायकोटिक (गंभीर मानसिक आजारांवरचं) औषध वापरतात, रात्री २.५ मिग्रॅपासून. २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या १५२ प्रौढ रुग्णांच्या चाचणीत औषध नसलेल्या गोळीपेक्षा वजन थोडं जास्त वाढलं, वजनाचे विचार मात्र हलले नाहीत. नैराश्यावरच्या फ्लुओक्सेटिनचा कमी वजनात उपयोग दिसत नाही. सोबत नैराश्य असेल तर ते वेगळं बघतात. नैराश्यावरचंच बुप्रोपिऑन नकोच, फिट येण्याचा धोका असतो. पाळी आणायच्या हार्मोन गोळ्यांनी रक्तस्राव होतो, हाडं वाचत नाहीत, आणि घरच्यांना उगाच वाटतं की बरं झालं.

गोदाकाठ: या वयात मुख्य उपचार कुटुंबाधारित थेरपी. पहिल्या टप्प्यात ताट आईवडील वाढतात, ती नाही. तीन जेवणं, दोन-तीन मधली खाणी, शेजारी बसून. भाकरीवर तूप, शेंगदाण्याचा लाडू, सायीचं दूध. जेवल्यावर तासभर सोबत राहा, लगेच बाथरूमला जाऊ देऊ नका. ‘एवढंच खा ना’ची घासाघीस चालू झाली की आजार जिंकला, शांतपणे एकच वाक्य परत म्हणायचं. वजन आठवड्यातून एकदा, दवाखान्यात. ‘आता छान भरलीस’ हे वाक्य घरात बंद. वजन सावरलं की खाण्याचा ताबा हळूहळू तिच्याकडे. एकूण साधारण सहा महिने ते वर्ष.

आणि उपवास! श्रावणी सोमवार, नवरात्र, वणीच्या देवीचा नवस यांत हा आजार आरामात लपतो, वर आजी कौतुक करते. आजारी माणसाला उपवासातून सूट असतेच, हे घरातल्या मोठ्यांनीच तिला सांगायचं.

औषधवाला: मुंबईसाठी अडून राहू नका. थेरपी ऑनलाइन चालते, नाडी-वजन-रक्त मात्र इथेच, एकाच फिजिशियन किंवा बालरोगतज्ज्ञांकडे. त्र्यंबक रोडच्या सिव्हिलमध्येही मानसोपचार विभाग आहे. रात्री-अपरात्री बोलायला टेलिमानस ही सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइन, १४४१६, मराठीत बोलता येतं. विमा असेल तर मानसिक आरोग्य कायदा २०१७ चं कलम २१ दाखवा, मानसिक आजाराला शारीरिक आजाराइतकंच संरक्षण द्यावं लागतं.

सिडकोकर: ईसीजी आणि फॉस्फरस आजच करून घेतो. रिपोर्ट इथे टाकू का?

गोदाकाठ: इथे नको, दादा. डॉक्टरांना दाखवा. आणि आज संध्याकाळी परत चक्कर आली तर रिपोर्टची वाट बघू नका, सरळ कॅज्युअल्टी.