मदत हवी आहे: पायथॉनवरून सीएनसी मशीनवर लक्ष ठेवायचंय

नमस्कार मंडळी,

सोलापूरला चिंचोळी एमआयडीसीत आमचं जॉबवर्कचं छोटं युनिट आहे. तीन सीएनसी लेथ (संगणकाच्या प्रोग्रॅमवर चालणारी लेथ मशीन). रात्रपाळीत कुठलं मशीन किती वेळ थांबलं, याचा हिशोब लागत नाही, म्हणून मी स्वतःच पायथॉन शिकून स्क्रिप्ट लिहिली.

दोन मशीनना फॅनुक कंपनीचा कंट्रोलर आणि ईथरनेट पोर्ट आहे. कंट्रोलरमधली माहिती वाचायची फॅनुकची फोकास लायब्ररी वापरून पोर्ट ८१९३ वर जोडणी होते. (या लायब्ररीची ३२ बिटची डीएलएल फाइल ६४ बिट पायथॉनमध्ये लोडच होत नाही, हे समजेपर्यंत माझे दोन दिवस गेले. नवीन कुणी करत असेल तर आधी हे तपासा.) स्टेटस, पार्ट काउंट, अलार्म नीट येतात. पण चार-पाच तासांनी -१६, म्हणजे सॉकेट (नेटवर्क जोडणीची) एरर येते आणि पुन्हा जोडणी होत नाही. दर पाच सेकंदांनी मी नवीन हँडल (मशीनशी झालेल्या जोडणीचा क्रमांक) घेतो. मधेच एरर आली की जुनं सोडायचं राहून जातं, तिथेच गडबड असेल का? की एकच हँडल कायम उघडं ठेवावं? तुम्ही कसं करता?

तिसरं मशीन जुनं, फक्त आरएस-२३२ (जुन्या पद्धतीचा सिरियल पोर्ट) वालं. त्याच्या टॉवर लॅम्पचा (मशीन चालू की बंद ते दाखवणारा दिवा) २४ व्होल्टचा सिग्नल ऑप्टोकपलरमधून (दोन सर्किट वेगळी ठेवून प्रकाशाने सिग्नल पोचवणारा भाग) रास्पबेरी पाय या छोट्या संगणकाला द्यावा म्हणतोय. पायची पिन ३.३ व्होल्टचीच, त्यामुळे थेट जोडणार नाही. कुणी केलंय का? सर्किट दाखवाल?

स्क्रिप्टमधून मशीन चालू-बंद करायचं नाहीये. ते काम ऑपरेटरच्याच हातात हवं, कारण चकपाशी (जॉब पकडून फिरणारा भाग) त्याचा हात असतो. फक्त वाचायचंय.