मदत हवी आहे: तीस लाखांच्या गृहकर्जापायी शेवटी खिशातून किती जातात?

तेरणाकाठ

नमस्कार मंडळी. पंधरा दिवस झाले, डोक्यात एकच आकडा फिरतोय.

मी लातूर जिल्ह्यात जिल्हा परिषद शाळेवर शिक्षक आहे. वय 36, हातात पगार 58 हजारांच्या आसपास. लातुरात औसा रोडच्या बाजूला एक तयार रो-हाऊस बघितलंय, 38 लाखांचं. आठ लाख जमलेत (त्यात बायकोची भिशी आणि मायच्या पाटल्या आल्या), मुद्रांक-नोंदणीचं वेगळं काढून ठेवलंय. राहिले 30 लाख, ते कर्ज. साडेआठ टक्के, 20 वर्षं, हप्ता 26,035.

रात्री जेवताना अण्णांना सांगितलं. अण्णा सातवी शिकलेले, पण व्याजाचा हिशोब तोंडावर. त्यांनी तिथंच साडेआठाला बारानं भागलं. "म्हंजे सत्तर पैसे शेकडा. सावकार दोन रुपयांच्या खाली बोलत नव्हता. स्वस्तच हाय की." मग मी मोबाईलवर 26,035 गुणिले 240 केलं आणि त्यांना दाखवलं. 62,48,400. अण्णांनी हातातला घास ताटात ठेवला. "सत्तर पैसे शेकडा म्हणायलास, अन् दुपटीच्या वर कसे होयलेत?"

मला सांगता आलं नाही. सातवीच्या पोरांना सरळव्याज मीच शिकवतो, त्यामुळं हे लिहिताना लाजच वाटते.

त्यात अजून गुंता असा. कर्जवाला माणूस म्हणतो की 1 लाख 10 हजारांचा विमा घ्यावाच लागेल, पण "खिशातून द्यायचा नाही सर, कर्जातच टाकू". टॅक्समध्येही भरपूर वाचेल म्हणतो. मेव्हण्याच्या ओळखीची एक पतसंस्था आहे, ती 7 टक्के फ्लॅटनं द्यायला तयार आहे. आणि अण्णा म्हणतात, एक एकर विकू, बारा लाख येतील, कर्ज 18 लाखांवर आण. जमीन कोरडवाहू आहे, सोयाबीन-तूर निघते. पण विकलेली जमीन परत येत नाही, हेही तेच आयुष्यभर सांगत आलेत.

कुणी नीट समजावून सांगेल का?

मोंढ्यातला

सर, पहिलं काम, पतसंस्थेचं ते 7 टक्के विसरा. फ्लॅट म्हणजे मुद्दल फिटत गेलं तरी व्याज शेवटपर्यंत पूर्ण 30 लाखांवर. 30 लाखांचे 7 टक्के वर्षाला 2 लाख 10 हजार, वीस वर्षांचे 42 लाख. एकूण 72, हप्ता 30,000. घटत्या शिलकीच्या भाषेत, म्हणजे उरलेल्या मुद्दलावरच व्याज धरलं तर, हे साडेदहा टक्के झाले. ट्रॅक्टरच्या वेळी मी हेच खाल्लंय, म्हणून एवढ्या जोरात सांगतोय.

जुना_कॅशियर

तेरणाकाठ सर, अण्णांचा प्रश्न अगदी बरोबर आहे आणि उत्तर त्यांना लगेच कळेल. त्यांच्या भाषेतच सांगा.

सत्तर पैसे (खरं म्हणजे एकाहत्तर) शेकडा महिन्याला. 30 लाखांवर पहिल्या महिन्याचं व्याज 21,250. तुम्ही भरणार 26,035. म्हणजे मुद्दलातून गेले फक्त 4,785. पुढच्या महिन्याला व्याज लागतं ते उरलेल्या 29,95,215 वर. बँक काही लपवत नाही, व्याजावर व्याजही लावत नाही. मुद्दल हलतच नाही, हे खरं दुखणं. सावकाराचे पैसे अण्णा सुगीला परत करत असतील, आठ-दहा महिन्यांत. इथं तीच रक्कम वीस सुग्या अंगावर राहते. दर स्वस्त, मुदत महाग.

पहिल्या वर्षी तुम्ही 3 लाख 12 हजार भरता, त्यातले मुद्दलात जातात जेमतेम 60 हजार. पाच वर्षांनी साडेपंधरा लाखांवर भरून झालेले असतात आणि कर्ज उरतं 26 लाख 44 हजार. अर्धं मुद्दल फिटायला जवळपास 14 वर्षं लागतात. माझ्या खिडकीवर लोक सहाव्या-सातव्या वर्षी उतारा घेऊन यायचे, शिल्लक बघायचे आणि म्हणायचे, "साहेब, दुसऱ्याचा कागद दिलात का?"

यावर उपायही याच हिशोबात आहे. पहिल्या वर्षाच्या शेवटी एक लाख जास्तीचे भरलेत तर शेवटचे 18 हप्ते कमी होतात, म्हणजे 4 लाख 68 हजार. तेच एक लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरलेत तर सहा हप्तेसुद्धा पूर्ण वाचत नाहीत. म्हणून जे काही जास्तीचं टाकायचं ते आधी टाका. आणि भरताना लेखी द्या: "हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा." नाही दिलं तर काही ठिकाणी हप्ताच कमी करून मोकळे होतात, आणि मग निम्मी मजा जाते.

बदलत्या दराच्या गृहकर्जावर व्यक्तीकडून मुदतपूर्व भरण्याचा दंड घेता येत नाही. कुणी मागितला तर रिझर्व्ह बँकेचा नियम दाखवा म्हणावं.

परळीची लेक

विम्याबद्दल मी बोलते, कारण आमच्या घरी हेच झालं. 1 लाख 10 हजार कर्जात टाकले की त्यावरही साडेआठ टक्के, वीस वर्षं. हप्ता 955 रुपयांनी वाढतो, एकूण 2 लाख 29 हजार होतात. शिवाय त्या प्रकारच्या विम्याचं कवच बहुतेक वेळा कर्जासोबत घटत जातं. विमा हवाच, एकट्याच्या पगारावर 30 लाख उचलताना तर हवाच. पण साधा टर्म प्लॅन (माणूस गेला तरच घरच्यांना पैसे देणारा विमा) वेगळा घ्या, वर्षाला भरा. कर्जासोबत अमुकच विमा घ्या अशी सक्ती करता येत नाही. "घ्यावाच लागेल" म्हणणाऱ्याला फक्त एवढंच म्हणा, "हे मला लेखी द्या." आमच्याकडे तो माणूस पाणी प्यायला म्हणून उठला तो परत आलाच नाही.

घर वहिनींच्या एकटीच्या नावावर घेतलं तर मुद्रांक शुल्कात 1 टक्का सवलत आहे. 38 लाखांवर 38 हजार. तुमचं नाव जोडीला आलं की ती मिळत नाही.

मोंढ्यातला

पण मग सरांना व्याजाची वजावट कशी मिळणार ताई? मालक नसलेल्याला ती मिळत नाही.

परळीची लेक

कसली वजावट? 58 हजार हातात म्हणजे वर्षाचं उत्पन्न 12 लाखांच्या आतच ना. नव्या करप्रणालीत आता तेवढ्यावर करच लागत नाही. आणि त्या प्रणालीत स्वतः राहत्या घराच्या व्याजाची वजावटही नाही. जो कर मुळात भरायचाच नाही तो वाचणार कुठून? "टॅक्समध्ये वाचेल" हे जुन्या दिवसांचं पाठांतर आहे, अजून कुणी बदललं नाही.

पैठणगेट

सगळे 8.5 धरून गणित करताय. वीस वर्षं 8.5 राहणार असं कुणी सांगितलं?

माझं बघा. 2021 ला 25 लाख घेतले, 6.9 टक्क्यांनी, 20 वर्षं, हप्ता 19,233. तेव्हा रेपो (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दरानं पैसे देते तो) 4 टक्के होता. मे 2022 पासून वाढायला लागला तो फेब्रुवारी 2023 ला साडेसहावर गेला. माझा दर 9.4. हप्ता मात्र तोच! मी खूश, आपला हप्ता वाढला नाही म्हणून. मग एकदा उतारा काढला. 19,233 मधले मुद्दलात जात होते दोनशे रुपयेसुद्धा नाहीत. दोनशे! मुदत गुपचूप वाढत वाढत माझ्या निवृत्तीच्या पार गेली होती. दोन वर्षं हप्ते भरले त्यातले बहुतेक पैसे व्याजाच्या पोटात गेले.

ऑगस्ट 2023 ला रिझर्व्ह बँकेनं यावर नियम आणला. दर बदलला की कळवायचं, आणि हप्ता वाढवायचा की मुदत हे निवडू द्यायचं. मी हप्ता वाढवून घेतला, पोटाला चिमटा काढून. 2025 मध्ये रेपो साडेसहावरून सव्वापाचवर आला, तेव्हा हप्ता कमी केला नाही, तसाच ठेवला.

आणि सर, एक शंका. रेपो इतका खाली असताना साडेआठ? ही खरंच बँक आहे का?

तेरणाकाठ

पैठणगेट भाऊ, बरोबर पकडलंत. आत्ता कागद काढून बघितला. बँक नाही, गृहवित्त कंपनी आहे. आम्ही आपले सगळ्यांनाच बँक म्हणतो.

पैठणगेट

मग आधी सरकारी बँकेत जा. बँकांना ऑक्टोबर 2019 पासून नवी बदलत्या दराची गृहकर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराला जोडावी लागतात. गृहवित्त कंपन्यांना ते बंधन नाही, त्यांचा स्वतःचा दर असतो. वाढवताना लिफ्ट, उतरवताना जिना. तुम्ही कायम नोकरीतले शिक्षक, पगार खात्यावर, बँक तुम्हाला नाही म्हणणार नाही. एक टक्का कमी मिळाला तरी हप्ता 24,168 होतो, वीस वर्षांत साडेचार लाखांचा फरक.

मोंढ्यातला

बासष्ट लाखांचा एवढाही बाऊ नको. वीस वर्षांनंतरचे 26 हजार म्हणजे आजचे 26 हजार नव्हेत. माझ्या वडिलांचा 1998 चा हप्ता 1,900 होता, शेवटी शेवटी तो किराण्याच्या बिलापेक्षा कमी झाला. भाडं वाचतं तेही धरा.

जुना_कॅशियर

मान्य. फक्त तो फायदा पगार वाढत जाणाऱ्यालाच होतो. सरांचा वाढतो, म्हणून एक गणित करून आणलंय.

तुम्हाला दरवर्षी 3 टक्के वेतनवाढ आहे. हप्ताही दरवर्षी 3 टक्क्यांनीच वाढवा. दुसऱ्या वर्षी 781 रुपये जास्त, घरात कुणाला कळणारही नाही. कर्ज 20 ऐवजी 14 वर्षांत संपतं, जवळपास नऊ लाख वाचतात. किंवा अण्णांच्या पद्धतीनं, सोयाबीन विकलं की वर्षाला एक हप्ता जास्तीचा. त्यानं 16 वर्षं 8 महिन्यांत मोकळे व्हाल. ज्या वर्षी पाऊस दगा देईल त्या वर्षी नाही भरला, कुणी विचारणार नाही. म्हणून मी 15 वर्षांची मुदत घेऊन 29,542 चा हप्ता गळ्यात बांधून घ्या असं म्हणत नाही. बांधलेला हप्ता दुष्काळ बघत नाही.

जमिनीचं मात्र आकडे तुमच्या विरोधात आहेत, रागावू नका. 18 लाख कर्ज आणि हप्ता तोच 26,035 ठेवलात तर आठ वर्षांत कर्ज संपतं. व्याज जातं पावणेसात लाखांच्या आसपास. 30 लाखांवर जातं साडेबत्तीस. त्या एकरानं वीस वर्षांत तुम्हाला आजच्या बारा लाखांच्या वर 25-26 लाख दिले पाहिजेत, तर ती ठेवणं परवडलं. कोरडवाहूत ते पिकातून निघणार नाहीत. भावातून निघतील का, हे तुमचा रस्ता कुठून जातो त्यावर.

परळीची लेक

कॅशियर काका, जमीन फक्त भाव असती तर मराठवाड्यात कुणी ठेवलीच नसती. अण्णा आहेत तोवर त्यांच्या हाताला काय काम राहील तेही बघा. किती एकर आहे एकूण?

तेरणाकाठ

साडेतीन.

जुना_कॅशियर

मग मी माझे शब्द अर्धे मागे घेतो. अठरा आणि तीस यांच्या मधलाही रस्ता असतो.

बाकी एक करा. जिथं कुठं अर्ज कराल तिथं मुख्य तथ्य विवरण मागा. 1 ऑक्टोबर 2024 पासून बँक असो की गृहवित्त कंपनी, ते द्यावंच लागतं. त्यात एक वार्षिक टक्केवारी दर छापलेला असतो. प्रक्रिया शुल्क, विमा, सगळं पोटात घेऊन खरा दर किती पडतो तो. दोन ठिकाणची तुलना त्याच आकड्यावर करा, जाहिरातीतल्या दरावर नको. आणि कर्ज फिटल्यावर कागद 30 दिवसांत परत मिळाले पाहिजेत, उशीर झाला तर दिवसाला 5,000 भरपाई. बोजा उतरला की नाही यावर मात्र तुम्हीच लक्ष ठेवा. सातबाऱ्यावरचा पीककर्जाचा बोजा लोक जसा वर्षानुवर्षं तसाच ठेवतात, तसं घराचं करू नका.

तेरणाकाठ

सगळ्यांचे आभार. आठवडा गेला उत्तर द्यायला, शाळेत परीक्षा होत्या.

त्या कंपनीत जाऊन विवरण मागितलं. आधी "सिस्टिम डाऊन आहे" झालं, मग दुसऱ्या दिवशी मिळालं. विमा आणि प्रक्रिया शुल्क धरून आकडा आला 9.08. विमा काढा म्हणालो तर साहेब बाहेरून आत आले, चहा मागवला, आणि विमा निघाला. म्हणजे निघत होताच. तरी तिथं सही केली नाही, सोमवारी पगाराचं खातं आहे त्या बँकेत फाईल घेऊन जातोय.

रात्री अण्णांना तो कागद दाखवला. चष्मा लावून 9.08 वर बोट ठेवलं, ओठ हलले. "पाऊण रुपया झाला की रं. पाच पैसे कुणी खाल्ले?"

जमिनीचं अजून ठरलं नाही. बांधाला लागून चुलत्यांची पट्टी आहे, ते विहिरीकडचा अर्धा एकर घ्यायला तयार आहेत, घरातल्या घरात. अण्णा म्हणतात विहिरीकडचा नको, माळाचा द्या. चुलते माळाचा घ्यायला तयार नाहीत.