मे महिन्यात सोलापूर काय करेल?

"जमावाला राग आला की वादळ, दुःख झालं की पाऊस" हा तुम्ही रचलेल्या काल्पनिक जगाचा नियम मला जरा जास्तच सरळ वाटतो. हवामानही उलट माणसाच्या डोक्यात जातंच की! आमच्या सोलापुरात मेमध्ये पारा ४३-४४ ला टेकतो. भर दुपारी रिक्षावाल्याशी दहा रुपयांवरून जुंपते. तुमच्या जगात त्या भांडणाने पारा अजून चढणार, मग अजून भांडणं. ही साखळी तुटणार कुठे?

आणि सगळ्यांच्या मनात एकच असतं कधी? सप्टेंबरात ज्वारीवाला परतीच्या पावसासाठी आभाळाकडे डोळे लावून बसलेला. त्याच वेळी गल्लीत रंगवलेलं सूत बांबूवर वाळत घातलेलं, खाली लाल पाणी ठिबकतंय, आणि मावशी पुटपुटतायत, "आजचा दिवस जाऊ दे रे देवा." कुणाचं ऐकायचं? मी लिहिलं असतं तर पाऊस वेशीपर्यंत येऊन घुटमळला असता. (तसा तो एरवीही घुटमळतोच म्हणा.)

एकमताचा एक क्षण मात्र आहे. जानेवारीत सिद्धेश्वरांच्या यात्रेतला अक्षता सोहळा. सात नंदीध्वज (मानाच्या उंच काठ्या), पांढऱ्या बाराबंद्या, आणि हजारो हात एकदम वर. तिथे मी पाऊसबिऊस पाडणार नाही. फक्त वारा पडेल, अक्षता सरळ खाली येतील. संध्याकाळी गड्ड्यावर, म्हणजे यात्रेच्या जत्रेत, पाळण्याच्या रांगेत धक्काबुक्की सुरू झाली की आहेच पुन्हा धुळीची वावटळ.