मदत हवी आहे: पसारा होणारे, स्वस्तातले आणि कमी पाण्यात आवरणारे विज्ञानाचे प्रयोग

नमस्कार मंडळी, मी सोलापूरची, पूर्व भागात राहते. संध्याकाळी गल्लीतली डझनभर पोरं माझ्याकडे अभ्यासाला येतात, पाचवी ते सातवीची. कुणाची आई विड्या वळते, कुणाचे वडील यंत्रमागावर, त्यामुळे किट विकत आणा असं मला कुणाला सांगायचं नाहीये.

आम्ल-आम्लारीची व्याख्या सगळ्यांना पाठ, पण म्हणजे काय विचारलं की गप्प. मग जुन्या टॉवेलच्या पट्ट्या हळदीच्या पाण्यात बुडवून वाळवल्या, साबणाचं पाणी टाकलं की लाल, त्यावर लिंबू पिळलं की परत पिवळी! मग काय, कुणी चुलीतली राख आणली, कुणी घरून पानाचा चुना (तो मी माझ्याच हातात ठेवला, डोळ्यात गेला तर फार वाईट). ताकाने पट्टीचा रंग बदलेना तेव्हा एरवी तोंड न उघडणारी एक पोरगी म्हणाली, ताई लाल झालेल्या पट्टीवर ओतून बघू की. मला इतका आनंद झाला सांगू!

आता त्यांना दाबलं की घट्ट आणि सोडलं की वाहणारं ते कॉर्नफ्लॉवरचं पीठ करायचंय. एवढ्या पोरांना कॉर्नफ्लॉवर महाग पडतं ओ. इकडे सुताच्या खळीसाठी स्टार्च पोत्याने मिळतो, तो चालेल का? दुसरं म्हणजे नळाला रोज पाणी येत नाही, एवढे बरबटलेले हात धुवायचे कशात? आणि २८ फेब्रुवारीला विज्ञान दिनाला गल्लीतच काहीतरी फेसाळणारं करायचंय, ज्वाळा आणि अ‍ॅसिड सोडून काहीही सुचवा.

उत्तर:
ताई, खळीचा स्टार्च नको. बुरशी लागू नये म्हणून त्यात काहीबाही मिसळलेलं असू शकतं. किराणा दुकानातलं सुटं कॉर्नफ्लॉवर घ्या, दोन वाट्यांना साधारण एक वाटी पाणी, चार पोरांत एक ताट, पुरतं. ज्वारीचं नायतर गव्हाचं पीठ घेऊ नका, त्यात नुसता स्टार्च नसतो, चिकट गोळा होतो. हात लगेच धुवायचेच नाहीत, वाळू द्यायचे, भुकटी होऊन झटकलं जातं, मग एका तांब्यात काम होतं. उरलेलं मोरीत मात्र ओतू नका, तळाशी बसून पाइप तुंबतो. फेसासाठी बाटलीत खायचा सोडा, शाम्पूची पुडी आणि वरून लिंबाचा रस. झाकण लावायचं नाही.

धाग्याकर्ती:
चार पोरांत एक ताट हे जमेल, खूप आभार! लिंबं महाग असली तर चिंचेच्या कोळाने तेवढाच फेस येईल का? कुणी करून बघितलंय का?