स्ट्रॉबेरी फील्ड्स फॉरेव्हर : पहिला टेक सरस की बाजारात आलेलं गाणं?

खर्ज : बीटल्सचं हे सिंगल, म्हणजे स्वतंत्र निघालेली गाण्याची तबकडी, फेब्रुवारी १९६७ मध्ये आलं. माझ्या मते स्टुडिओतल्या सजावटीत मूळ गाणं गुदमरलं. नोव्हेंबर १९६६ चा पहिला टेक, म्हणजे ध्वनिमुद्रणाचा पहिला प्रयत्न ऐका, 'अँथॉलॉजी २' या नंतर निघालेल्या संग्रहात आहे. सुरुवात ध्रुवपदाने नाही, थेट कडव्यानेच, आणि गाणं लिहिणारा जॉन लेनन अगदी कानाशी गातोय. लिव्हरपूलला त्याच्या मिमीमावशीच्या घराजवळ सॅल्व्हेशन आर्मीचं 'स्ट्रॉबेरी फील्ड' नावाचं बालगृह होतं, त्याच्या आवारात तो लहानपणी खेळायचा. इतक्या आतल्या आठवणीला ट्रंपेट आणि चेलो कशाला?

रेकॉर्डवेडा : अजिबात पटलं नाही. पहिला टेक गोड आहे, पण त्यात अस्वस्थपणा कुठाय? सिंगलमध्ये साधारण एका मिनिटावर टेक ७ संपून टेक २६ सुरू होतो. दोन्हींची पट्टी वेगळी, लयही वेगळी. लेननला एकाची सुरुवात हवी होती आणि दुसऱ्याचा शेवट. निर्माता जॉर्ज मार्टिन आणि ध्वनिमुद्रक जेफ एमेरिक यांनी टेपचा वेग कमीजास्त करून सांधा जुळवला. त्यानंतर लेननचा आवाज कसा जडावतो बघा, गुंगीत बोलल्यासारखा. गाण्याचा प्राण तिथे आहे.

खर्ज : सांधा अचाट आहे, वादच नाही. पण खुद्द लेनन समाधानी नव्हता. आपली सगळी गाणी पुन्हा रेकॉर्ड करावीशी वाटतात, विशेषतः हे, असं त्याने पुढे मार्टिनना सांगितलं होतं.

मंद्र : म्हणून आपणही नाराज व्हायचं का? मला तर बीटल्सच्याच जॉर्ज हॅरिसनच्या स्वरमंडळासाठीच सिंगल हवं. ध्रुवपद संपून कडवं सुरू होताना तारा सर्रकन खाली उतरतात. किशोरीताईंच्या मांडीवरचं स्वरमंडळ गाण्याला सतत आस देत राहतं. इथे ते क्षणभर वाजतं आणि पायाखालची जमीन सरकते. पहिल्या टेकमध्ये हे नाहीच.

खर्ज : स्वरमंडळ राहू द्या हो, माझा राग ट्रंपेटवर आहे. कडव्यात ते लेननच्या शब्दांवर चढून बसतात.

रेकॉर्डवेडा : तुम्हाला हवा तो साधेपणा पहिल्या मिनिटात आहेच की! मेलोट्रॉनची (टेपवरचे सूर वाजवणारा कीबोर्ड) बासरी, ड्रम, आवाज, बस. मग ट्रंपेट घुसतात ते बोचायलाच हवेत. ते काढलेत तर एक छान हळवं गाणं उरेल, आणि तशी त्यांची डझनभर आहेत.

खर्ज : हळवं म्हणून कमी लेखू नका. पहिल्या टेकमधलं ते कडवं हेडफोन लावून ऐका, मग बोलू.