अपघाताचा दावा लढलात? कोणता कागद अडला, कोणता कामी आला?

गेल्या पावसाळ्यात हातखंब्याच्या उतारावर टेम्पोने मागून नवऱ्याच्या दुचाकीला उडवलं. उजवं मनगट मोडलं, आत प्लेट आहे. तो मिरकरवाड्यात बोटीवर तांडेल, म्हणजे खलाशांचा म्होरक्या. दावा लावलाय. वकील म्हणतात, "वहिनी, हात मोडला हे एक्स-रे सांगतो. त्या हाताचं कोणतं काम बंद पडलं, ते आपल्याला सांगायचंय." यातून गेलेल्यांनी लिहा. किती मिळाले ते नाही सांगितलंत तरी चालेल.

चिपळूणहून
माझं घोडं केसपेपरवर अडलं. परशुराम घाटात मोटारीने कट मारला. मोटारवालाच दवाखान्यात घेऊन गेला, "पोलिसांत नको, खर्च मी देतो" म्हणून हातापाया पडला. मीही भिडेखातर डॉक्टरांना म्हणालो, "घसरून पडलो." दोन शब्द! तिसऱ्या दिवशी त्याचा फोन बंद. मग तक्रार दिली. पण उलटतपासणीत विमा कंपनीचे वकील तोच केसपेपर नाकासमोर धरत, "हे तुम्हीच सांगितलंत ना?" आरटीओच्या तपासणीत मोटारीच्या दरवाजावर माझ्या गाडीचा लाल रंग घासलेला सापडला होता, म्हणून तगलो.

देवगडहून
आमचे बाबा हापूसच्या बागेत चढून आंबे काढायचे. अपघातात टाचेचा चुरा झाला. सिव्हिल सर्जनच्या दाखल्यात पायाचं अपंगत्व २० टक्के. विमा कंपनी म्हणाली, पूर्ण शरीराचं ७ टक्केच धरा. महिना १२,००० उत्पन्न, वय ४८, म्हणून गुणक (वर्षाच्या कमाईला वयाप्रमाणे ज्याने गुणतात तो आकडा) १३. ७ टक्क्यांनी होतात १,३१,०४०.

आमच्या वकिलांनी सर्वोच्च न्यायालयाचा राजकुमार विरुद्ध अजयकुमार निकाल पुढे केला. त्यात म्हटलंय की हात गेलेल्या सुताराची कमाई जवळजवळ सगळीच बुडेल, सरकारी कारकुनाची नोकरी कदाचित टिकेलही. म्हणजे शरीराचे टक्के वेगळे, कमाईचे वेगळे. मग बागवाला साक्षीला आला. बाबांना आता फांदीवर पाय ठरत नाही, खाली पेट्या भरतात आणि चढणाऱ्याची मजुरी जास्त असते, एवढंच बोलला. कोर्टाने कमाईचं नुकसान ४० टक्के धरलं, ७,४८,८००. दाखला देणारे डॉक्टरही साक्षीला यावे लागले, त्यांच्या तारखांतच वर्ष गेलं.

हर्णैहून
मी मासे विकते. लिलावाचा हिशेब सगळा तोंडी, उत्पन्नाचा पुरावा कुठून आणू? बचत गटाची वही कामी आली, दर महिन्याचा हप्ता आणि कर्जफेड त्यात होती. एक मात्र चुकलं. औषधांची बिलं पिशवीत घालून फळीवर ठेवली होती. पावसाळ्यानंतर काढली तर अर्धी कोरी! त्या गुळगुळीत कागदावरची शाई उडते हो. आणल्या दिवशीच झेरॉक्स काढा. गाडीभाड्याच्या पावत्याही रिक्षावाल्याकडून तेव्हाच घ्या.

ओरोसहून, कोर्टातून निवृत्त
१ एप्रिल २०२२ पासून दाव्याची मुदत अपघातापासून सहा महिने आहे. त्याला सर्वोच्च न्यायालयात आव्हान आहे, पण त्या भरवशावर बसू नका. राहत्या ठिकाणच्या मोटार अपघात न्यायाधिकरणातही दावा लागतो, म्हणजे गणपतीला येताना कशेडीत ठोकर खाल्लेल्या चाकरमान्याला तारखांसाठी कोकणात यायला नको. धडक देऊन पळालेली गाडी सापडलीच नाही तर गंभीर दुखापतीला ५०,००० मिळतात, त्याचा अर्ज वेगळा. आणि फौजदारी खटल्यासारखं इथे संशयापलीकडे सिद्ध करावं लागत नाही, कोणाची बाजू जास्त शक्य वाटते ते बघतात. लोक उगाच घाबरतात.

चिपळूणहून, पुन्हा
मेडिक्लेमवाल्यांनी मूळ बिलं ठेवून घेतली असतील तर त्यांच्याकडून शिक्क्याच्या प्रती मागून घ्या. हेही मी अडकल्यावरच शिकलो.

धागा काढणारी
केसपेपर आजच बघितला, "टेम्पोची मागून धडक" असं लिहिलंय. सुटले. देवगडकरांचं वाचून बोटमालकाकडे गेले. त्यांच्या वहीत प्रत्येक फेरीचे वाटे लिहिलेत, तांडेलाचा वेगळा, खलाशाचा वेगळा. अपघातानंतर नवऱ्याच्या नावापुढे खलाशाचाच वाटा आहे. सुकाणू एका हाताने धरतो, पण जाळं ओढायची वेळ आली की मनगट वळत नाही. मालक साक्षीला यायला तयार आहेत, फक्त तारीख नारळी पौर्णिमेच्या आधीची हवी म्हणतात. एकदा बोटी सुटल्या की ते बंदरावर सापडायचे नाहीत.